घटका भरेपर्यंत

गेल्या हिवाळ्यात एका सभागृहात मी ललत ऐकला. गाणे उत्तम होते, दोन्ही तंबोरे नेमके जुळलेले होते, आणि घड्याळात रात्रीचे साडेआठ वाजले होते. ललत हा उजाडण्याआधीचा राग आहे. रात्र सरत आलेली असते, पण पूर्वेला अजून फटफटलेले नसते. त्या मधल्या वेळेत त्याचे दोन मध्यम, म्हणजे ‘म’ या स्वराची दोन रूपे, शेजारीशेजारी उभे राहिले की आपण जागे आहोत की अजून झोपेतच आहोत, हे ऐकणाऱ्याला क्षणभर उमगत नाही. त्या संध्याकाळी मात्र बाहेर जेवणाच्या वेळेची वर्दळ होती आणि आत वातानुकूलन यंत्राची घरघर होती. गायकांचा त्यात काहीही दोष नव्हता. त्यांना ललत गायचा होता, आणि पहाटे चार वाजता त्यांना गायला बोलावणारे कोणी नव्हते.

उघड्यावरच्या ध्वनिवर्धकांना रात्री दहा ते सकाळी सहा बंदी घालणारे नियम २००० साली आले. त्या नियमांची गरज मला पूर्ण मान्य आहे. आजारी माणसाच्या उशाशी रात्रभर भोंगा वाजू नये. पण भीमसेन जोशी यांनी आपल्या गुरूंच्या स्मरणार्थ १९५३ साली पुण्यात सुरू केलेला सवाई गंधर्व महोत्सव एके काळी रात्रभर चालत असे आणि श्रोते उजाडताना घोंगड्या-चादरी गुंडाळून घरी जात, हे ज्यांनी अनुभवले आहे त्यांना काय गेले ते वेगळे सांगावे लागत नाही. रात्रीच्या उत्तरार्धाचे राग बेघर झाले. ते आता दुसऱ्यांच्या वेळेत पाहुण्यासारखे येऊन जातात.

त्या रात्रीपासून मी मनात एक कला रचते आहे. ती कुठेही अस्तित्वात नाही. मी तिला ‘घटिकागान’ म्हणते. कातळात कोरलेला एक मंडप, त्यात शिरणारा प्रकाश, जमिनीत आणि भिंतींत बसवलेले स्फटिक, पाण्यावर तरंगणारी तांब्याची वाटी आणि एक गाणारा गळा, एवढेच तिचे साहित्य आहे. राग घड्याळाकडे पाहून सुरू करायचा नाही, प्रकाश सांगेल तेव्हा सुरू करायचा, आणि वाटी बुडाली की जिथे असू तिथे थांबायचे, एवढाच तिचा नियम आहे. यातला प्रत्येक तुकडा मी कुठे ना कुठे डोळ्यांनी पाहिला आहे किंवा हातात धरला आहे, म्हणून तो कुठून आला हे सविस्तर लिहून ठेवावेसे वाटते.

माझे बालपण मिरजेत गेले. अण्णांचे घड्याळदुरुस्तीचे लहानसे दुकान होते आणि तिथून चार पावलांवर सतारमेकरांची दुकाने सुरू होत. शाळेतून परत येताना एकीकडे वाळत ठेवलेले भोपळे दिसायचे आणि दुसरीकडे कोणीतरी तंबोऱ्याची जवारी काढत बसलेले असायचे. तारा ज्या पट्टीवरून जातात त्या घोडीवर कानस हलकेच फिरवायची, तार छेडायची, कान देऊन ऐकायचे, पुन्हा कानस फिरवायची. एकेका तारेवर अर्धा दिवस जायचा, आणि कोणालाही त्याची घाई नसायची. किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेब ज्या गावात राहिले आणि जिथल्या मीरासाहेब दर्ग्यात त्यांच्या स्मरणार्थ अजूनही दरवर्षी गाणे होते, त्या गावात एका तारेला अर्धा दिवस देणे हे कोणालाच जास्त वाटत नव्हते. सवाई गंधर्व हे त्याच खाँसाहेबांचे शिष्य.

मी दहा-अकरा वर्षांची असताना अण्णांनी एक बंद पडलेले क्वार्ट्झ घड्याळ उघडून मला दाखवले. किल्लीच्या घड्याळातली चक्रे आणि केसाइतकी बारीक स्प्रिंग मी तोवर खूपदा पाहिली होती, त्यामुळे आत काहीच हलत नाही हे पाहून मी खट्टू झाले. अण्णांनी चिमट्याने तांदळाच्या दाण्याएवढी एक चकचकीत नळी बाहेर काढली, तिचे टोक कापले, आणि डोळ्याचे भिंग माझ्या हाती दिले. आत पारदर्शक, इवलासा नादकाटा होता. शाळेच्या प्रयोगशाळेतल्या लोखंडी नादकाट्यासारखेच त्याला दोन पाय होते. फक्त हा स्फटिकाचा होता. “हा गातो,” अण्णा म्हणाले, “पण इतका वर गातो की तुला-मला ऐकू येत नाही.”

ते वाक्य शब्दशः खरे आहे, हे मला पुष्कळ वर्षांनी, गाणे शिकू लागल्यावर कळले. गारेच्या, म्हणजे क्वार्ट्झच्या, स्फटिकावर दाब दिला की त्यावर विद्युतभार येतो, हे पिएर आणि झाक क्युरी या भावांनी १८८० साली दाखवून दिले. उलट विजेचा दाब दिला की स्फटिक हलतो. सेलमधल्या विजेने घड्याळातला तो नादकाटा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. हा आकडा वाटेल तसा निवडलेला नाही. एक या संख्येची पंधरा वेळा दुप्पट केली की ३२,७६८ होतात, आणि घड्याळातले मंडल नेमके उलटे काम करते: ती कंपने पंधरा वेळा निम्मी करत सेकंदाला एकपर्यंत उतरवते. आता ज्याने एक दिवस जरी स्वर लावला आहे त्याला हे सांगायला नको की कंपने निम्मी झाली की स्वर बरोबर एक सप्तक खाली येतो. म्हणजे मनगटावरच्या घड्याळात दर क्षणी एक स्वर पंधरा सप्तके उतरत असतो. सात सप्तके उतरल्यावर तो २५६ कंपनांवर येतो, पेटीवरच्या पांढरी एकच्या अगदी जवळ, किंचित खाली. तिथे माणसाचा गळा त्याला भेटू शकतो. तो आणखी उतरत सोळावर आला की कानाला त्याचा स्वर म्हणून बोध होत नाही, ठोके जाणवू लागतात. सोळाचे आठ, आठाचे चार, चाराचे दोन, दोनाचा एक: चौपट, दुप्पट आणि ठाय लयीत उतरणारा हा तबलजीचाच रस्ता आहे. शेवटी सेकंदकाटा एक पाऊल टाकतो.

मला यात संगीत, स्फटिक आणि काळ यांची जोडणी बाहेरून करावी लागत नाही. ती आधीच झालेली आहे. स्वर म्हणजे फार वेगाने चाललेली लय, आणि लय म्हणजे फार खाली उतरलेला स्वर. बाईंकडे विलंबित ख्याल शिकताना समेची, तालाच्या पहिल्या मात्रेची, वाट पाहत मी कितीदा तरी गोंधळले आहे. हे समजल्यानंतर तो गोंधळ पूर्ण गेला नाही, पण भीती गेली.

आता वास्तूकडे येते. मिरजेहून कोल्हापूर जवळच, त्यामुळे अंबाबाईचा किरणोत्सव मी लहानपणी दोनदा पाहिला. देवीची मूर्ती पश्चिमाभिमुख आहे. ९, १० आणि ११ नोव्हेंबर, आणि पुन्हा ३१ जानेवारी, १ आणि २ फेब्रुवारी या दिवसांत मावळतीचे ऊन महाद्वारातून आत शिरते, गरुड मंडप आणि कासव चौक ओलांडते, पितळी उंबऱ्यावरून पुढे सरकते आणि गाभाऱ्यात जाते. परंपरा अशी की पहिल्या दिवशी किरण चरणांवर, दुसऱ्या दिवशी कमरेपर्यंत आणि तिसऱ्या दिवशी मुखावर पोहोचतात. गाभाऱ्यातले दिवे मालवलेले असतात. माणसे खच्चून भरलेली असतात आणि तरीही त्या काही मिनिटांत कोणी बोलत नाही; सगळ्यांची नजर फरशीवरून सरकणाऱ्या त्या पिवळ्या पट्ट्यावर असते. किरण पोहोचले की घंटा वाजते आणि आरती सुरू होते. हल्ली हवेतले बाष्प, धूळ आणि वाटेतले अडथळे यांमुळे कित्येकदा किरण अर्ध्यावरच विरतात. तेव्हा गर्दीतून जो उसासा निघतो, तो मी एकदा ऐकला आहे.

या दोन तारखा का, हे मी मोठेपणी मांडून पाहिले. २१-२२ डिसेंबरला सूर्य दक्षिणेच्या टोकाला असतो. १० नोव्हेंबर त्याच्या साधारण एकेचाळीस दिवस आधी येतो आणि १ फेब्रुवारी तितकेच दिवस नंतर. जाताना आणि परतताना सूर्य आकाशात त्याच उंचीच्या वाटेने मावळतो, म्हणून तोच किरण तीच वाट चालतो. पण खरी गंमत पुढे आहे. सूर्याची जागा तीच असली तरी आपल्या घड्याळात ती वेळ सारखी नसते. नोव्हेंबरात कोल्हापूरला सूर्य सहाच्या सुमाराला मावळतो आणि फेब्रुवारीच्या सुरुवातीला साडेसहाच्या सुमाराला. पृथ्वीचा कललेला आस आणि तिची किंचित लंबगोल कक्षा यांमुळे सूर्याचा दिवस आपल्या घड्याळाच्या कधी पुढे तर कधी मागे असतो, आणि या दोन तारखांमध्ये तो फरक अर्ध्या तासाचा होतो. मंदिराला हे काहीच ठाऊक असण्याची गरज नाही. त्याच्या दृष्टीने ही एकच वेळ आहे. आपल्या हिशेबातला अर्धा तास त्या दगडांनी वाकवून जुळवून घेतला आहे, असे मला दर वेळी वाटते.

वास्तू काळाला आणखी एका प्रकारे वाकवते. कार्ल्याच्या बौद्ध लेण्यातल्या चैत्यगृहात एकदा फार लवकर, गर्दीच्या आधी पोहोचले होते. ते छत सुमारे चौदा मीटर उंच आहे आणि त्याला अजूनही लाकडी कमानींच्या फासळ्या आहेत, दोन हजार वर्षांच्या आसपास जुन्या. कोरलेल्या छताला लाकडी आधाराची काहीच गरज नव्हती. घडवणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर त्याआधीची लाकडी सभागृहे होती आणि त्यांनी ती आठवण दगडाला नेसवली. पुढे वेरूळच्या दहाव्या लेण्यात त्याच फासळ्या दगडातच कोरल्या गेल्या. तिथे लाकूड उरले नाही, त्याची आठवण तेवढी उरली.

तर त्या सकाळी मी स्तूपासमोर उभी राहून हलक्या आवाजात षड्ज, म्हणजे सा, लावला, तो सोडला आणि कोमल ऋषभावर, कोमल रेवर, गेले. षड्ज मी सोडला होता, पण दगडाने तो सोडला नव्हता. माझ्या ऋषभाला तो मागून येऊन भेटला. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. भिंतींवर, खांबांवर आणि छतावर पुन्हा पुन्हा आदळून तो परतत राहतो, त्यामुळे आधीचा क्षण पुढच्या क्षणात शिल्लक राहतो. अशा जागी घाईने गायले तर सगळाच चिखल होतो. आपण मागे सोडलेला स्वर कुठवर आहे ते ऐकावे लागते आणि मगच पुढचा टाकावा लागतो. गायकाने आपल्याच भूतकाळाच्या साथीने गायचे, हा धडा मला त्या लेण्याने दिला, आणि घटिकागानाचा मंडप कातळातच असला पाहिजे हे तिथे पक्के झाले.

स्फटिकांसाठी दूर जावे लागत नाही. आपण ज्या काळ्या कातळावर राहतो तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे. तो थिजताना वायूचे बुडबुडे आत अडकले, त्या पोकळ्यांत पुढे खनिजे विरघळलेले पाणी झिरपत राहिले आणि त्यातून स्फटिक उगवले. विहीर खणताना किंवा खाणीत सुरुंग लागल्यावर दगड फुटतो आणि त्याच्या पोटात पांढरीशुभ्र किंवा फिकट गुलाबी स्टिल्बाइटची पेंढी, काचेच्या मनोऱ्यांसारखे अपोफिलाइट, क्वचित वाघोलीच्या खाणीतले निळेजर्द कॅव्हन्साइट दिसते. सिन्नरच्या ‘गारगोटी’ संग्रहालयात यांतले अप्रतिम नमुने मांडलेले आहेत. मी तिथे एका फोडलेल्या पोकळीसमोर बराच वेळ उभी होते. ती कोट्यवधी वर्षे मिट्ट अंधारात बंद होती आणि तरी आतले प्रत्येक टोक घासून लखलखीत केल्यासारखे होते. कोणी पाहणारे नसताना झालेले हे काम पाहून मला आमच्या पेठेतली ती जवारी आठवली.

स्फटिकांत रोग बरे करण्याची किंवा भाग्य उजळण्याची शक्ती असते, असे सांगणारे पुष्कळ लोक भेटतात. माझे प्रेम त्या गोष्टींवर नाही. स्फटिक जे खरोखर करतो तेच मला पुरेसे अद्भुत वाटते. आजोळी रात्री पांघरुणात शिरून आम्ही भावंडे ओढ्यातल्या दोन गारगोट्या एकमेकींवर जोरात घासत असू. आगीची ठिणगी नव्हे, तर गारगोटीच्या आतूनच एक फिकट, पिवळसर उजेड यायचा आणि विझायचा, आणि पाठोपाठ जळल्यासारखा वास यायचा. हाताला दगड गार तो गारच. आजी बाहेरून रागे भरायची, “झोपा आता, किती ती खुडबुड,” आणि आम्ही आणखी एकदाच म्हणून पुन्हा घासायचो.

या सगळ्यातून माझा मंडप उभा राहतो. त्याला पश्चिमेकडे एक उंच, अरुंद झरोका आहे आणि छतात एक फट. छतातल्या फटीतून आलेला उन्हाचा पट्टा दिवसभर जमिनीवरून सरकतो, आणि त्याच्या वाटेवर ठरावीक अंतराने स्फटिक जडवलेले आहेत. पट्टा ज्या स्फटिकावर आला तो उजळतो आणि भिंतीवर प्रकाशाचे कवडसे पडतात; तीच त्या प्रहराच्या रागाला हाक. मे महिन्यात आणि पुन्हा जुलैअखेर पुण्याच्या आसपास सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि सावली पायाखाली नाहीशी होते. त्या दोन दिवशी ऊन ओळंब्यासारखे सरळ खाली उतरेल आणि मधला स्फटिक पेटल्यासारखा दिसेल. तेव्हा वृंदावनी सारंग. तंबोऱ्याच्या घोडीखाली गारेची एक पातळ चकती असेल. तारेच्या दाबाने तिच्यावर जो अगदी नगण्य विद्युतभार येईल तो एका बारीक तारेने कातळात सोडायचा. तो कोणाला दिसणार नाही, जाणवणारही नाही. गाण्यातले थोडे दगडाला परत द्यायचे, एवढाच त्याचा अर्थ. अर्घ्य देतात तसे.

रागांचा क्रम मी संगीतशास्त्रकार विष्णु नारायण भातखंडे यांच्या मांडणीतून घेतला आहे. दिवस-रात्रीच्या सांध्यावर कोमल ऋषभ आणि शुद्ध गांधाराचे संधिप्रकाश राग, त्यानंतर शुद्ध ऋषभ-धैवताचे, त्यानंतर कोमल गांधार-निषादाचे, आणि मग पुन्हा सांधा. हे चक्र चोवीस तासांत दोनदा फिरते. पहाटेकडे शुद्ध मध्यमाचे वजन जास्त, संध्याकाळकडे तीव्र मध्यमाचे. एका स्वराच्या फरकाने सकाळ आणि संध्याकाळ वेगळी होते, ही कल्पना मला आजही थक्क करते.

मध्यरात्रीची बैठक मला सर्वांत प्रिय आहे. दिवा नाही, झरोका बंद. मंडपात बसलेल्या प्रत्येकाच्या हातात दोन गारगोट्या. गायकाने दरबारी रागाचा मंद्र षड्ज लावायचा, आणि तो दगडातून परतून येऊ लागला की एकेकाने गारगोट्या घासायच्या. इथे एक फिकट उजेड, तिथे एक, आणि मधे पूर्ण काळोख. चेहरे दिसणार नाहीत, फक्त तळहात. तो आंदोलित कोमल गांधार अशा उजेडात ऐकायला मिळाला तर मी पुन्हा कधी साडेआठच्या ललताबद्दल तक्रार करणार नाही.

राहिली ती वाटी. घटिकापात्र आजीने स्वतःच्या लग्नात पाहिले होते. घंगाळात पाणी, त्यावर बुडाशी भोक असलेली तांब्याची वाटी, शेजारी बसलेले जोशीबुवा. वाटी भरून बुडाली की एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटे. अशा साठ घटकांचा अहोरात्र. सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथात या वाटीचे वर्णन आहे. मुहूर्त येईपर्यंत मंगलाष्टके चालू ठेवायची, वेळ उरली तर आणखी एक म्हणायचे, आणि क्षण आला की ‘सावधान’. काळाच्या मापाने गाणे लांबवण्याची ही रीत आपल्या मांडवात अजून आहे, वाटी मात्र गेली. भाषेत तेवढी ती राहिली: आपण घटकाभर टेकतो, कोणाची घटका भरत आली असे दबक्या आवाजात म्हणतो, आणि घड्याळ हा शब्दही घटिकेपासूनच आला.

मंडप कोरणे माझ्या हातात नाही, पण वाटी होती. पुण्याच्या तांबट आळीतून मी एक पातळ वाटी ठोकून घेतली आणि अण्णांच्या हत्यारांतल्या सर्वांत बारीक सुईड्रिलने तिच्या बुडाला भोक पाडले. पहिल्यांदा ती एकतीस मिनिटांनी बुडाली. मग भोक केसभर मोठे करायचे, वाटी पाण्यावर सोडायची, वाट पाहायची, पुन्हा केसभर. दोन रविवार गेले. शेवटी ती चोवीस मिनिटांच्या आत-बाहेर काही सेकंदांवर आली.

त्या संध्याकाळी मी गच्चीवर घंगाळ नेले, घड्याळ खाली ठेवून आले आणि तंबोरा लावला. मारवा या संध्याकाळच्या रागात पंचम नाही, म्हणून पहिली तार निषादात. पश्चिमेच्या इमारतीच्या कठड्याला सूर्य टेकला तेव्हा वाटी पाण्यावर सोडली. मारवा षड्जाला टाळत राहतो. कोमल ऋषभ आणि धैवत यांच्यात तो येरझाऱ्या घालतो आणि घर जवळ दिसत असूनही आत जात नाही. अधूनमधून मी वाटीकडे पाहत होते. भोकातून पाण्याची एक बारीक, काचेसारखी धार वर येत होती आणि वाटीतले पाणी दिसेल न दिसेल इतके चढत होते. ऊन गेले, आकाश तांबडे झाले, मग राखाडी. वाटीचा काठ पाण्याच्या रेषेला आला, क्षणभर तिथेच थांबला, आणि ‘गुडुप’ असा अगदी लहान आवाज झाला. मी तेव्हा ऋषभावर होते. नियमाप्रमाणे तिथेच थांबले. तंबोऱ्यावरचा हात मात्र चालूच राहिला, आणि जोडीच्या तारांतून षड्ज येत राहिला.